राक्षसांचा मोजणीदार

खोली पाहायला गेले त्या दिवशी घरमालकांनी मला भाडे, पाणी किंवा येण्याजाण्याच्या वेळा यांबद्दल एकही प्रश्न विचारला नाही. शिक्षण विचारले. ‘एम.एस्सी., प्राणिशास्त्र’ हे उत्तर मिळताच त्यांनी खुर्ची पुढे ओढली.

“अठरा फुटी राक्षसाले एका दिसाले किती भात लागन?”

जिल्ह्यातल्या जुन्या तलावांवर पाणवनस्पती आणि पक्षी मोजण्याच्या एका प्रकल्पात मी नुकतीच रुजू झाले होते, आणि गोंदियाला लागून असलेल्या मुर्रीत मला खोली हवी होती. प्रश्न अनुत्तरित सोडणे मला जमत नाही. मी कागद मागितला. उंची माणसाच्या तिप्पट, म्हणजे वजन सत्तावीसपट. पण भूक वजनाच्या थोडी मागे राहते. सबब एक राक्षस म्हणजे साधारण बारा माणसांचा आहार. त्यांनी आपली वही उघडून पाहिली आणि त्यांचा चेहरा उतरला.

“मी तिघायचा धरला होता.” थोडा वेळ ते बोटांवर काही मोजत राहिले. “सतरा राक्षस होते. तेवढं धान त्या खोऱ्यात पिकत नाई. चारच ठेवा लागन.” मग आतल्या दिशेने तोंड करून त्यांनी जाहीर केले, “ऐकून राहिली का? तेरा राक्षस कमी झाले. अना वरची खोली देऊन टाकली.”

आतून बाईचा आवाज आला, “राक्षसायले का पोरीले?”

अशा रीतीने मी त्या घरात भाडेकरू झाले. त्यांना मी काका म्हणत असे आणि आतल्या आवाजाला काकू.

काका जमीनमोजणीच्या खात्यातून निवृत्त झाले होते. नोकरीतली तीस वर्षे त्यांनी साखळी, झेंडे आणि नकाशा घेऊन गावोगाव लोकांचे बांध ठरवण्यात घालवली. बांधावर भांडणारे दोन्ही पक्ष संध्याकाळी दमून बसत, आणि मग कोणीतरी म्हातारे माणूस त्या जमिनीची जुनी कथा सांगू लागे. काका ती टिपून घेत. निवृत्तीपर्यंत निळ्या कापडी पुठ्ठ्याच्या अकरा वह्या भरल्या होत्या, आणि त्या वह्यांतून ‘सातबोडी’ नावाचे एक राज्य उभे राहिले होते. बोडी म्हणजे आमच्याकडचा लहान तलाव. सात बोड्यांच्या या राज्यात राक्षस, जलपऱ्या, बोलणारे सारस आणि तलावाच्या पाळीखाली, म्हणजे मातीच्या बांधाखाली, राहणारी एक बुडी, म्हणजे म्हातारी, असा सगळा पसारा होता. चार खंड छापून झाले होते. पाचवा आणि शेवटचा अडला होता.

कल्पनारम्य कादंबऱ्या लिहिणारा माणूस स्वप्नाळू असतो, ही माझी समजूत आठवडाभरात निकालात निघाली. त्यांच्याइतका रोखठोक माणूस मी प्रयोगशाळेतही पाहिलेला नाही. ‘नकाशा आधी, राक्षस मंग,’ हे त्यांचे घोषवाक्य. बैठकीच्या खोलीतली पूर्ण भिंत सातबोडीच्या नकाशाने व्यापलेली होती. त्यात गट क्रमांक होते, पायवाटा होत्या, पाणी कोणत्या पाटाने कोणाच्या धानाच्या बांधीत जाते याचे बाण होते. प्रत्येक राक्षसाचा सातबारा स्वतंत्र फाइलीत होता. दुसऱ्या खंडातले महायुद्ध, ज्यात निम्मे राज्य जळते, ते एका जलपरीने राक्षसाच्या शेतातून वहिवाटीचा हक्क सांगितल्यामुळे सुरू होते. त्यांना त्यात विनोदी काही दिसत नसे. मी हसले तेव्हा ते म्हणाले, “तू कधी मोजनीले गेली नाई, म्हनून हसून राहिली. तलवारी वहिवाटीवरूनच निघते.”

त्यांना वाचकांची पत्रे येत, आणि ती प्रामुख्याने तरुण मुलांची असत. पुण्याच्या एका मुलाने विचारले होते की तुमच्या कथांत ड्रॅगन का नाही. काकांनी पोस्टकार्डावर उत्तर पाठवले: आपल्या बोडीत पाणी सहा फूट. उन्हाळ्यात दोन. त्यात ड्रॅगन राहत नाही. मगर चालत असल्यास कळवावे.

कथा गोळा करण्याचे त्यांचे नियम माझ्या मार्गदर्शकांपेक्षा कडक होते. वहीत रकाने असत: गाव, सांगणाऱ्याचे वय, काय सांगितले, काय सांगायचे टाळले. कोणतीही घटना तीन वेगवेगळ्या गावांतून ऐकल्याशिवाय ते पुस्तकात घेत नसत. तिघांचे बारकावे अगदी तंतोतंत जुळले, तर मात्र ते ती नोंद लाल पेन्सिलीने खोडत. “तिघं एकच बोलून राहिले म्हनजे टीव्हीवर लागलं असन.” फुलचूरच्या एका आजोबांनी त्यांना चार तास एक अद्भुत कथा सांगितली होती. दुसऱ्या दोन गावांत ती कोणालाच माहीत नव्हती. चौथ्या खंडात ते आजोबा एका तळटीपेत आहेत.

एवढ्या काटेकोर माणसाची एकच श्रद्धा होती, आणि तीही त्यांच्या धंद्याला शोभणारी. दिवसा कथा सांगितली तर ऐकणाऱ्याचा मामा वाट चुकतो, असे आमच्याकडे लहान मुलांना सांगतात. मोठे झाल्यावर बाकीचे लोक ते विसरतात. काका विसरले नाहीत. माणूस वाट चुकणे ही मोजणीदाराच्या दृष्टीने जगातली सर्वांत वाईट गोष्ट होती. त्यामुळे दिवा लागेपर्यंत सातबोडीविषयी एक वाक्यही त्यांच्या तोंडून निघत नसे. नकाशा, भात, वजने यांवर ते दिवसभर बोलत. तो हिशेब होता, कथा नव्हे. नागपूरहून प्रकाशकांनी एकदा सकाळी अकराला फोन करून पाचव्या खंडाचे कथानक विचारले, तेव्हा काका म्हणाले, “साडेसहाले लावा जी. तुमच्या मामाले घरी पोहोचू द्या.”

मी अर्थातच हे तपासायचे ठरवले. एका रविवारी भर दुपारी मी त्यांना डिवचून डिवचून एक वाक्य वदवून घेतले: “बुडीच्या पाठीवर पाळ होती, म्हनून तिले उभं राहता येत नव्हतं.” त्याच दिवशी माझे मामा मला भेटायला अर्जुनी मोरगावला येत होते, कारण मी दुसऱ्या दिवशी पहाटे तिथल्या तलावावर जाणार होते आणि संध्याकाळी तिथे मुक्कामाला पोहोचणार होते. मामा सडक अर्जुनीला उतरले. एकाच जिल्ह्यात दोन अर्जुनी असल्यावर बाहेरगावचा माणूस चुकणारच, आणि एका निरीक्षणावरून निष्कर्ष काढता येत नाही, हे मी काकांना सविस्तर समजावून सांगितले. त्यांनी सगळे शांतपणे ऐकून घेतले.

“दुसरं निरीक्षन कधी घेतं?” त्यांनी विचारले.

मी घेतले नाही.

आता पाचवा खंड का अडला होता ते सांगणे भाग आहे. आमच्याकडे कथा सांगणाऱ्यासमोर एक हुंकारी लागतो. सांगणारा एक वाक्य सांगतो आणि थांबतो. हुंकारी ‘हुं’ म्हणतो. मग पुढचे वाक्य निघते. हुं आले नाही तर कथा तिथेच थांबते. काका आधी कथा तोंडाने सांगत आणि नंतर कागदावर उतरवत, त्यामुळे त्यांना हुंकारीशिवाय एक ओळही लिहिता येत नसे. चारही खंडांना काकूंनी हुं दिले होते. तांदूळ निवडताना, लसूण सोलताना, काहीही करताना. चौथ्या खंडाच्या शेवटी काकांनी त्या पाळीखालच्या बुडीला मारले. पाळ फुटली, बुडी गाडली गेली. काकूंनी सूप खाली ठेवले, उठून आत गेल्या आणि त्या संध्याकाळपासून त्यांचा हुंकार बंद झाला.

बाकी काही बंद झाले नाही, हे मला नमूद केले पाहिजे. त्या त्यांना जेवायला वाढत, गोळ्या आठवणीने देत, लुना कुठेही उभी करण्यावरून भांडत. पण कथा सुरू झाली की त्यांच्याकडून आवाज नाही. दोन वर्षे हे चालले होते. काकांनी शेजारच्या निवृत्त पोस्टमास्तरांना हुंकारी नेमून पाहिले. ते तिसऱ्या वाक्याला घोरू लागत, आणि काकांच्या मते घोरणे लांबले तरी त्याचे हुं होत नव्हते. इकडे प्रकाशकांनी स्पष्ट कळवले होते की या वर्षी शेवटचा खंड आला नाही, तर आधीचे चारही पुन्हा छापणार नाहीत. अकरा वह्या, तीस वर्षे आणि सात तलाव एका ‘हुं’वर टांगलेले होते.

म्हणून मी. संध्याकाळी साडेसहा ते साडेसात.

मी वाईट हुंकारी होते. ते सांगत, “सारस खाली उतरला,” आणि मी विचारी, “कोणत्या महिन्यात?” ते हातातली छडी खाली ठेवत.

“पोरी, हुं म्हनजे ‘समजलं’ नाई. हुं म्हनजे ‘चाल पुढं’.”

मग शिकले. हळूहळू मला जमूही लागले: आखूड हुं, लांब हुं, संकट जवळ आल्यावरचे दबके हुं. कथा सांगताना काका माझ्याकडे पाहत नसत. त्यांचे तोंड भिंतीवरच्या नकाशाकडे असे, हातात वेताची छडी, आणि पात्र जिथे जाईल तिथे छडी जाई. मी मागे खुर्चीत. सहा प्रकरणे अशी झाली. खरे सांगायचे तर मला त्या कथेची ओढ लागली होती, आणि हे मी कोणाला सांगितले नव्हते.

त्याच सुमारास पीएच.डी.च्या प्रवेशाचा अर्ज भरण्याची मुदत जवळ आली. मला त्या एका तासाची गरज होती. विज्ञानाच्या विद्यार्थ्याने जे करावे ते मी केले. मोबाईलवर माझे स्वतःचे बारा हुं ध्वनिमुद्रित केले, आखूड, लांब आणि दबके, आणि ते पंधरा ते पंचवीस सेकंदांच्या अनियमित अंतराने वाजतील अशी व्यवस्था केली. अनियमित अशासाठी, की समान अंतराने संशय आला असता. मोबाईल खुर्चीच्या हातावर ठेवून मी लॅपटॉपवर माझे संशोधनाचे उद्दिष्ट लिहू लागले. दोन संध्याकाळी व्यवस्था निर्दोष चालली. काका खुलून सांगत होते. पहिल्या संध्याकाळनंतरच्या सकाळी तर त्यांनी काकूंना ऐकू जाईल असे म्हटलेसुद्धा, “पोरगी आता तयार झाली.”

तिसऱ्या संध्याकाळी त्यांना ठसका लागला. ते खोकत होते आणि मोबाईल म्हणाला, “हुं.” ते पाणी प्यायले. “हुं.” त्यांनी तांब्या खाली ठेवला आणि काहीच न बोलता नकाशाकडे पाहत उभे राहिले. मी अर्जाच्या शेवटच्या परिच्छेदात होते. खोली शांत झाली आहे हे माझ्या लक्षात आले तेव्हा मोबाईल दबक्या, संकट जवळ आल्याच्या आवाजात म्हणाला, “हुं.”

काका वळले. मनगटावरच्या घड्याळाकडे पाहत त्यांनी आणखी तीन हुं मोजले.

“अंतर बदलून राहिलं,” ते म्हणाले. “हे तुनं डोकं लावलं.”

मी मान हलवली.

“चांगलं हाय.” त्यांनी छडी खुंटीला टांगली, लिखाणाच्या वहीतली सात, आठ आणि नुसते मांडून ठेवलेले नऊ ही तीन प्रकरणे उघडली, प्रत्येकावर लाल पेन्सिलीने तिरपी रेघ मारली आणि मोजणीच्या कागदावर लिहितात तसे ‘रद्द’ लिहिले. “झेंडा चुकीच्या जागी लागला तं पुढची समदी मोजनी खोटी. मी तीन दिस कोनालेच सांगून राहिलो नव्हतो.”

ते रागावले नाहीत. रागावले असते तर हिशेब मिटला असता. दुसऱ्या दिवशी साडेसहाला मी खाली गेले, तर ते दिवा लावून वर्तमानपत्र वाचत होते. तिसऱ्या दिवशीही. सकाळी किराणा दुकान दोनशे बारा पावलांवर आहे हे ते मला नेहमीप्रमाणे सांगत. संध्याकाळी छडी खुंटीवरच राहत असे. माझा अर्ज गेला होता. त्यांचे पुस्तक मी बंद पाडले होते.

चूक झाली की तिचे मूळ शोधावे, असे मला शिकवले गेले आहे. माझी चूक उघड होती, पण तिच्याआधीचे कोडे तसेच होते: काकू एका काल्पनिक बुडीवर दोन वर्षे का अडून बसल्या? मी काकांच्या परवानगीने अकराही वह्या वर नेल्या. बुडीच्या मरणाच्या तीन नोंदी सापडल्या, तीन गावे, तीन म्हातारे, बारकावे पुरेसे वेगळे. नियमानुसार पुरावा पक्का होता. मग मी सगळ्या गावांची यादी केली, कारण यादी केल्याशिवाय मला दिसत नाही. जिल्ह्याचा कोपरा न् कोपरा होता. अर्जुनी मोरगावच्या पलीकडचे एक गाव मात्र नव्हते. त्या गावच्या तलावावर मी दर महिन्याला पक्षी मोजत असे, आणि दर वेळी काकू माझ्यासोबत तिथे एक डबा पाठवत, कारण तिथे त्यांचे भाऊ राहत होते. ते काकूंचे माहेर होते.

मी सरळ स्वयंपाकघरात गेले. “काकू, तुमच्या गावी बुडीचं काय सांगतात?”

त्यांनी माझ्याकडे आणि मग दारातून येणाऱ्या उन्हाकडे पाहिले. “दिसा नाई सांगत, माय. तुहे मामा एकदा भटकले हायत.”

त्या संध्याकाळी मी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसले. मोबाईल वर खोलीत ठेवला होता आणि तो वर आहे हे दोनदा सांगितले. काका बाहेरच्या खोलीत वर्तमानपत्र धरून होते. काकूंनी सूप मांडीवर घेतले.

“बुडीच्या पाठीवर पाळ होती,” त्या म्हणाल्या.

“हुं.”

“पाळ फुटली, तशी तिची पाठ मोकळी झाली. जलमात पयल्यांदा ती उभी राहिली.”

“हुं.”

“लोकायनं पाह्यलं, जागा रिकामी. म्हनाले, बुडी मेली. अवं, मरन कायले? तिची लेक खालच्या बोडीले देल्ली होती. बुडी नहराच्या पाण्यानं लेकीकडं गेली.”

मी हुं म्हणायला विसरले. बाहेर वर्तमानपत्र खाली ठेवल्याचा आवाज झाला. काकूंनी थोडे थांबून माझ्याकडे पाहिले आणि मी म्हणाले, “हुं.”

“तिले लेक हाय हे कोनाले मालूमच नव्हतं. कोनी विचारलंच नाई.”

काका दारात उभे होते. हातात बारावी वही होती, कोरी, आणि टोक केलेली पेन्सिल.

“गाव?” त्यांनी विचारले.

“तुमची सासुरवाडी.”

“सांगनाऱ्याचं वय?”

“ते मांडू नका जी.”

त्यांनी रकाना रिकामा सोडला. मी त्या वह्यांत पाहिलेला तो एकमेव रिकामा रकाना. मग ते उंबऱ्यावर माझ्या शेजारी टेकले आणि अडचणीत सापडलेल्या अधिकाऱ्याच्या सुरात म्हणाले, “पन तिघायनं मेली सांगितलं. तीन गावायचा नियम हाय.”

“मंग मी चौथं गाव. चौथ्याले तुमच्या नियमात बंदी हाय का?”

काका विचारात पडले. मला वाटते, त्यांनी खरोखरच नियम मनात उलगडून पाहिला. “बंदी नाई,” ते शेवटी म्हणाले. “नवीन साक्ष निघाली तं फेरमोजनी करा लागते.” आणि जरा वेळाने, “तू आधी काऊन नाई बोलली?”

“हुं म्हनत होती ना. हुं म्हनता म्हनता सांगता येते का? चार खंड मी हुं म्हनली. आता तुम्ही म्हनून पाहा.”

आयुष्यात पहिल्यांदाच काका हुंकारी झाले. त्यांचे हुं माझ्याहूनही वाईट होते.

“बुडी नहरानं निघाली,” काकू म्हणाल्या.

“खालची बोडी किती कोसावर?”

काकूंनी सूप थांबवले. “हुं म्हनजे ‘चाल पुढं’.”

ते वाक्य मुळात कोणाचे होते हे मला तेव्हा कळले.

त्या पावसाळ्यात पाचव्या खंडाची फेरमोजणी झाली. बुडी परत आली. नकाशावर खालची बोडी आठवी म्हणून काढावी लागली, आणि राज्याचे नाव सातबोडी का, यावर दोघांचे तीन दिवस भांडण झाले. हुं मात्र चालू होते. मला प्रवेश मिळाला आणि मी बंगळूरला निघून आले. निघताना काकांनी स्टेशनपर्यंतची पावले सांगितली. काकूंनी डबा दिला आणि मामांना विचारले म्हणून सांग, असे बजावले.

पाचवा खंड गेल्या महिन्यात माझ्या प्रयोगशाळेत टपालाने आला. अर्पणपत्रिका नाही. तिच्या जागी, मोजणीच्या कागदासारख्या चौकटीत, हे छापले आहे:

हुंकार. प्रकरण एक ते सहा: वरच्या खोलीतली पोरगी. सात ते नऊ: तिचा मोबाईल (रद्द). सात ते नऊ, फेर, आणि तेथून शेवटपर्यंत: आमचे घर. त्यापैकी प्रकरण अकरा: सांगणार आमचे घर, हुंकार स्वतः लेखक, समाधानकारक नाही.

‘आमचे घर’ म्हणजे काकू. माझे नाव आतापर्यंत दोन शोधनिबंधांवर आले आहे, दोन्हींवर चौथ्या क्रमांकाला. इथे मी पहिली आहे. ही नोंद अर्जात कुठे दाखवावी याचा मी गंभीरपणे विचार करते आहे.

पुस्तक दुपारी बारा वाजता आले होते. चौकट वाचायला हरकत नव्हती, ती कथा नव्हे. पान उलटण्याआधी मी मामांना फोन केला. ते घरीच होते, जेवत होते, कुठेही जाणार नव्हते. दुसरे निरीक्षण घेण्यासाठी याहून सुरक्षित परिस्थिती मिळाली नसती. मी पुस्तक मिटून खणात ठेवले आणि दिवे लागायची वाट पाहत बसले.